गायकवाड मॅडमचा बोलका मोबाईल

“बाईंना स्वेच्छानिवृत्ती सुचवा. पण सन्मानानं,” साहेब म्हणाले.

सन्मानाची कामं आमच्या ऑफिसात माझ्याकडेच यायची. मी आस्थापना अधिकारी होतो. म्हणजे माणूस नोकरीला लागल्यापासून निवृत्त होईपर्यंत त्याच्या रजा, बदल्या, बढत्या सगळं माझ्या टेबलावरून जायचं. ऑफिस पुण्यातलं, निमसरकारी, धान्याची गोदामं सांभाळणारं.

बाई म्हणजे गायकवाड मॅडम, गोदाम निरीक्षक. धायरीहून स्कूटरवर निघायच्या आणि न सांगता कुठल्याही गोदामात उगवायच्या. गोदामवाले त्यांना टरकून असत. पण काचबिंदूनं त्यांची नजर गेली. उजेड आणि अंधार कळायचा, बाकी काही नाही. लांबलेली रजा संपवून त्या लेकीचा हात धरून हजर व्हायला आल्या.

मी विषय काढायच्या आत त्यांनीच पर्समधून अर्ज काढला. “सही तेवढी बाकी आहे. कुठे करायची तिथे माझं बोट ठेवा.”

“लिहिला कुणी?”

“दिरांनी. म्हणाले, फुकटचा पगार खाते म्हणून लोक बोलायच्या आत सुटलेलं बरं.” मग आवाज खाली आला. “अहो, मिस्टर गेल्यापासून घर माझ्याच पगारावर आहे. हिचं कॉलेज चालू आहे. पण लाज वाटते हो.”

मी अर्ज परत पर्समध्ये ठेवायला लावला आणि दिव्यांग हक्क कायदा सांगितला. सरकारी किंवा निमसरकारी नोकरीत असताना अपंगत्व आलं, तर त्या कारणानं माणसाला काढता येत नाही. खालच्या पदावरही ढकलता येत नाही. जुनं काम जमत नसेल तर त्याच पगारावर दुसरं द्यायचं. तशी जागा नसेल तर अधिसंख्य पद, म्हणजे खास त्या माणसासाठी एक जादा खुर्ची. योग्य जागा मिळेपर्यंत, नाहीतर थेट निवृत्तीपर्यंत.

“हे साहेबांना माहीत आहे?”

“आता होईल.”

साहेबांनी कलम दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा वाचून ते बदलत नाही, हे पटल्यावर म्हणाले, “बसवा मग.”

आमच्याकडे आदेशाचं शब्दशः पालन होतं. मॅडमना झेरॉक्स मशीनशेजारी टेबल मिळालं. खुर्ची मिळाली. काम मिळालं नाही. त्यांनी कॉम्प्युटर, पडद्यावरचं वाचून दाखवणारा प्रोग्रॅम आणि हेडफोन मागितला. साहेबांनी शेरा मारला, “तरतूद नाही.” कंटाळून बाई आपणच जातील, असा हिशेब असावा.

मॅडमनी मग मोबाईल टेबलावर ठेवला आणि त्यातला मजकूर आणि इमोजीही वाचून दाखवणारा आवाज सुरू केला. ऑफिसचा व्हॉट्सअॅप ग्रुप होता. त्यावर साहेब रोज सुविचार टाकायचे. आम्ही न वाचता अंगठा दाखवायचो. आता मोबाईलमधली बाई अख्ख्या हॉलला ऐकवू लागली, “सुप्रभात. लाल गुलाब. लाल गुलाब. लाल गुलाब. जोडलेले हात. श्रम हीच पूजा.”

अकाउंट्सच्या बाई टेबलाखाली पेन शोधायला वाकल्या त्या वर येईनात.

पुढच्या आठवड्यात साहेबांनी उशिरा येणाऱ्यांना ग्रुपवर तंबी दिली. मोबाईलनं तीही वाचली, “यापुढे गय केली जाणार नाही. रागावलेला चेहरा. रागावलेला चेहरा. फुलपाखरू.” फुलपाखरावर साहेबांचा अंगठा चुकून पडला असावा.

साहेब केबिनबाहेर आले. “मॅडम, आवाज बंद करा तो.”

मॅडम उठून उभ्या राहिल्या. “करते साहेब. पण मग आपला आदेश मला कळणार नाही. आणि आदेश न वाचणं म्हणजे शिस्तभंग.”

“मग हेडफोन लावा!”

“तो मागितला होता. तरतूद नाही म्हणून आपलाच शेरा आहे.”

हॉलमध्ये कुणी हसलं नाही. त्याला फार कष्ट पडले. साहेब माझ्याकडे वळले. “तो प्रोग्रॅम केवढ्याला येतो?”

“फुकट मिळतो साहेब.”

दुपारपर्यंत तरतूद झाली.

कॉम्प्युटर आला, तेव्हा मॅडमनी कळफलकावर बोटं ठेवली. “जमेल ना हो?” त्यांनी मला विचारलं. एवढ्या दिवसांत पहिल्यांदाच मला त्यांची भीती दिसली. मी म्हटलं, “नाही जमलं तरी तुम्हाला काढता येत नाही. निवांत शिका.” तेव्हा त्या हसल्या.

दोनेक महिन्यांत त्या तक्रार कक्ष सांभाळू लागल्या. पद तेच, पगार तोच. साठा ओला झाला, गाडी अडली, असे फोन त्या घेत आणि गोदामवाल्यांना जाब विचारत. कुणी म्हणालं, “मॅडम, येऊन बघा, सगळं कोरडं आहे,” तर म्हणत, “मी बघत नाही हो आता. फोटो पाठवा, साहेब बघतील.” साठा त्याच दिवशी हलायचा.

एखादा माणूस बिनकामाचा ठरवायचा असेल, तर आधी त्याला काम देऊन बघावं. आम्ही ते सर्वात शेवटी केलं. ऑफिसच्या रिवाजाप्रमाणे त्याचं श्रेय साहेबांना मिळालं.