माझ्या बायकोचे माहेरचे नाव

लग्नात नवऱ्याने ताटातल्या तांदळांवर सोन्याच्या अंगठीने बायकोचे नवे नाव लिहायचे, अशी आमच्याकडे रीत आहे. मीही लिहिले. तेव्हा मी चौदा वर्षांचा होतो आणि अक्षर वळणदार होते. मंडळी त्या अक्षराचे कौतुक करण्यात इतकी गुंतली की मुलीचे आधीचे नाव काय, हे कोणाच्या ध्यानातही आले नाही. तसे भटजींनी एकदा विचारले होते. तेव्हा माझे सासरे खोकले. भटजींनी तो खोकला उत्तर म्हणून स्वीकारला आणि पुढचा मंत्र म्हटला.

पुढे मी कल्याणच्या कचेरीत जबान्या लिहून घेणारा कारकून झालो. खोटे बोलणारा माणूस आधी घसा साफ करतो, हे मला तिथे कळले. मग सासऱ्यांचा तो खोकला मला आठवू लागला.

लग्नानंतर पाच वर्षांनी, तिच्या चौदाव्या वर्षी, बायको ठाण्याहून आमच्या घरी नांदायला आली. शांत मुलगी. शांत माणसावर आमच्या आत्याचा मुळीच विश्वास नसे. आत्या लहानपणीच विधवा होऊन माहेरी राहिलेली, आणि घराचे न्यायखाते तिच्याकडे होते. "बोलत नाही म्हणजे काहीतरी दडवते आहे," असे ती पहिल्याच आठवड्यात म्हणाली. मी हसलो. हसलो, पण मनात नोंद करून ठेवली.

आमच्याकडे मासळी चालते, हे आधीच सांगून ठेवतो, म्हणजे कोणी नाक मुरडणार नाही. सुके बोंबील विकायला ठाण्याच्या खाडीकडच्या कोळणी आगगाडीने कल्याणला येत. एका सोमवारी अशीच एक नवी कोळीण परसदारी आली. किरिस्ताव होती, गळ्यात काळ्या दोऱ्यात क्रूस. आई भाव करत होती, आत्या भाव पाडत होती, आणि माझी बायको विहिरीवरून घागर घेऊन आली. त्या बाईने तिच्याकडे पाहिले, टोपली टाकली आणि ओरडली,

"आगो रमेदी! माजी पोर गो!"

आणि तिने माझ्या बायकोच्या दोन्ही गालांवरून हात फिरवून स्वतःच्या कानशिलांवर बोटे मोडली. बायको पांढरीफटक पडली. पण तिच्या तोंडून शब्द निघून गेला होता. "आये," असे ती म्हणाली होती.

कोळणीने आईचा चेहरा पाहिला, बोंबील गोळा केले आणि पाऊलही न वाजवता निघून गेली.

"ही तुझी आये?" आत्याने विचारले.

बायकोने घागर खाली ठेवली.

"आणि रमेदी कोण?"

"मला आईने शपथ घातली आहे," बायको म्हणाली. "सांगायचं नाही म्हणून."

झाले! कचेरीत एखाद्या आरोपीने असे उत्तर दिले असते तर मी पेन खाली ठेवून मामलेदारसाहेबांकडे बघितले असते.

त्या दिवसापासून तिला स्वयंपाकघर बंद झाले. पाण्याचा तांब्या वेगळा, पान ओटीवर. आमचे वडील मितभाषी, पण त्यांनी संध्याकाळी आम्हाला बोलावून सांगितले, "रविवारी तिला ठाण्याला पोचवायची. माहेरपणाला गेली असं लोकांना सांगू. परत आणण्याचा विषय या घरात निघता कामा नये." कारण उघड होते. माझ्या धाकट्या बहिणीचे पनवेलच्या एका घराशी बोलणे चालले होते. आमच्या घरात बाटलेली सून आहे, असा नुसता वास पनवेलपर्यंत गेला असता तरी ते बोलणे संपले असते. आत्याने तर माझ्यासाठी दुसरी मुलगी हेरूनही ठेवली होती. एका टाकल्या गेलेल्या मुलीने पुढचे आयुष्य बापाच्या ओटीवर कसे काढायचे, ते आत्याइतके त्या घरात कोणालाच ठाऊक नव्हते. पण ते तिच्या तोंडून निघाले नाही.

आणि मी? मला वाईट वाटायला हवे होते. पण मला तपास मिळाला होता! एकोणिसाव्या वर्षी माणसाला बायकोपेक्षा तपास प्रिय असतो. मी तिच्यावर नजर ठेवली. वीज कडाडली तेव्हा तिने कपाळाला आणि मग छातीला हात लावला. कपाळाचा घाम पुसला आणि घाबरून छातीवर हात ठेवला, असेही असेल. मी तसे लिहिले नाही. ती नाहायला गेली तेव्हा आत्याने दाराशी पहारा केला आणि मी तिची पेटी उघडली. दोन लुगडी, एक फणी, आणि चिंधीत गुंडाळलेले अंगठ्याएवढे मेणाचे मूल. हातपाय, नाक, डोळे, सगळे होते.

"करणी!" आत्या म्हणाली.

मला स्वतःला मोठा आनंद झाला. मुद्देमाल सापडला होता.

शनिवारी रजा काढून मी ठाण्याला गेलो. सासऱ्यांकडे गेलो नाही, ते खोकले असते. सरळ खाडीकडे गेलो आणि विचारत विचारत त्या बाईचे झोपडे शोधले. ती आडव्या काठ्यांवर बोंबील वाळत घालत होती.

"कोन रं तू? जकातीचा मानूस?"

"कल्याणच्या कचेरीतला."

"मंग मी काय पन केलेलं नाय."

"रमेदीला ओळखता का?"

तिने मला पागोट्यापासून जोड्यापर्यंत न्याहाळले आणि सबंध वाडीला ऐकू जाईल असे ओरडली, "आगो बायानू, बगा! माजा जावय आला! कागुद घेऊन आला!"

दहा बायका जमल्या. कोणी माझ्या मिश्या किती आल्या ते पाहिले, कोणी पाणी आणले. मी पाणी घेतले नाही. सरकारी आवाजात प्रश्न सुरू केले.

"ती मुलगी तुम्हाला आये का म्हणते?"

"मी इकत घेतली तिला. मूठभर कोंडा देऊन."

माझे पेन थांबले. तिला माझ्या तोंडाची मौज वाटली असावी, कारण तिने जवळ बसून सगळे सावकाश सांगितले. माझ्या सासूची आधीची तीन मुले वर्षाच्या आत गेली होती. चौथी मुलगी झाली तेव्हा सासूने तिला सुपात घातले आणि दारी मासळी घेऊन येणाऱ्या या बाईला विकले. ज्या घरी मुले वाचत नाहीत तिथे असे करतात, हे मलाही ठाऊक होते. आमच्या कचेरीतल्या अर्ध्या शिपायांची नावे त्याच हिशेबाने ठेवलेली होती. मूल परक्याचे झाले की मृत्यू त्या दारी फिरकत नाही. विकत घेणाऱ्याने नाव ठेवायचे, आणि मूल आईने नुसते सांभाळायचे.

"पण हेच नाव का?"

"रमेदी म्हंजे औखद. पोर्तुगीज लोकांचा शबुद. वसईकडं आमची माउली हाय ना, तिचं नाव. औखदाची माउली. तीन पोरं गेली त्या बाईची. मंग मी दुसरं कोनतं नाव ठेवनार व्हते? आनि सटवी नशीब लिवाया येते, ती तुमच्या लोकांच्या घरात रमेदीला शोधंल काय? फिर फिर फिरंल आनि जाईल!"

मेणाच्या मुलाचाही उलगडा झाला. माउलीला नवसाची दोन मेणाची मुले घेतली होती. एक तिथे वाहिले, एक मुलीच्या उशाशी ठेवायला दिले.

मला यातले काहीच पटू द्यायचे नव्हते. गोष्ट फार नीट जमत होती, आणि नीट जमलेल्या जबानीवर साहेब नेहमी संशय घेत. मी शेवटचा प्रश्न टाकला. "तिच्या डोक्यावर चर्चचं पाणी घातलं होतं का?"

बाईचा चेहरा पहिल्यांदाच उतरला. "नेली व्हती गुपचूप. पादरीबाबा म्हनला, हिचे आईबाप कोन? मी सांगितलं. त्यानं पानी घातलं नाय. उलट मलाच धरलं. सुपातली पोर इकत घेतलीस, म्हंजे तू पुन्ना मूर्तीच्या देवाकडं गेलीस, म्हनला. वरीसभर मला देवळात मागं, दाराशी बसवली. माज्या नवऱ्याच्या भावानं माज्या हातचं खाल्लं नाय."

म्हणजे आमच्या घरी ज्या संशयावरून एकीला ओटीवर बसवले होते, त्याच संशयावरून तिकडे दुसरी चौदा वर्षांपूर्वीच दाराशी बसून मोकळी झाली होती.

"लग्नाला बोलावलं होतं का तुम्हाला?"

"मी मांडवात कशी येनार? तळ्यापाशी हुबी राहून वाजंत्री ऐकली."

मी तिला कागद वाचून दाखवला आणि निशाणी करायला सांगितले. तिने दांडगा क्रूस काढला.

घरी मी जबानी मोठ्याने वाचली. आईने सुटकेचा श्वास सोडला. आत्या मात्र म्हणाली, "तो कागद आधी देवघरापासून लांब धर. आणि मला एवढंच सांग, मुलगी विकली. परत विकत घेतल्याचं यात कुठे आहे?"

मी कागद उलटून पाहिला. नव्हते.

"लग्नाआधी कोंडा परत देऊन मुलगी सोडवून घ्यायची असते," आत्या म्हणाली. "त्यांनी घेतलीच नाही. चारचौघांत त्या कोळणीला बोलवावं लागलं असतं ना! मग कन्यादान कोणी केलं? दुसऱ्याची गाय दान दिली तर दान होतं का?"

आत्याने न्यायखाते असे चालवले की मामलेदारांनी उठून नमस्कार करावा. बाटलेली नाही, पण लग्नही झालेले नाही! पाच वर्षे मी परक्या बाईच्या मुलीचा तिच्या परवानगीशिवाय नवरा होतो. वडिलांनी भटजींना बोलावले. भटजींनी तपकिरीची चिमूट घेतली, शास्त्रात असा प्रश्न नाही म्हणाले, दुसरी चिमूट घेतली आणि म्हणाले, रूढीचा प्रश्न रूढीनेच सोडवावा. विकत घेणारणीने कोंडा घेऊन मुलगी आपल्या हाताने तुमच्या घरात द्यावी. ती देणार नसेल तर मी काही सांगू शकत नाही.

रविवारी सकाळी मीच जाऊन त्या बाईला घेऊन आलो. काय करायचे आहे, ते वाटेत सांगितले. ती सगळी वाट गप्प होती, आणि मला तिचाही संशय येऊ लागला. शांत माणसे! परसदारी आली तेव्हा तिला मागच्या पडवीत माझ्या बायकोचे बोचके बांधून ठेवलेले दिसले. तिने बोचक्याकडे पाहिले, मग आमच्याकडे.

आत्याने कोंड्याची मूठ पुढे केली. "एक दिली होतीस, एक घे."

"चौदा वर्सांनी एकच मूठ? बोंबलाचा भावसुदा वाढला."

"मग दोन घे."

"कोंडा घेईन मंग. आधी सासूनं पोरीला नावानं हाक मारावी. माज्या नावानं."

आई मागे सरकली. "ते नाव या घरात? शेजारी ऐकतील."

"ऐकू दे. नायतर पोर माजी. बोचकं बांदलेलंच हाय, मी घेऊन जाते. ठान्याला तिच्या बापाच्या ओटीवर कशाला? माज्या घरात बसंल. मागं, दाराशी बसायची सवय हाय आमाला."

वडिलांनी घसा साफ केला. आई खांबाकडे तोंड करून नाव पुटपुटली.

"मोठ्यानं," कोळीण म्हणाली. "मासळी इकतात तसं."

आणि माझी आई, जिचा आवाज शेजारच्या भिंतीनेही कधी ऐकला नव्हता, ती ओरडली, "रमेदी!"

"आले!" आतून इतका खणखणीत आवाज आला की आम्ही सगळे दचकलो. या घरात ती असे बोललीच नव्हती. बायको धावत बाहेर आली, पदर खांद्यावर. कोळणीने कोंडा पदरात घेतला, तिचा हात आईच्या हातात दिला आणि म्हणाली, "आता तुमची. मारू नका हां." मग डोळे पुसून टोपलीकडे वळली, "बोंबील घेनार का?" आत्याने घेतले. भाव न पाडता घेतले. असे मी आयुष्यात एकदाच पाहिले.

बोचके आत्यानेच सोडले. दुपारी बायको स्वयंपाकघरात गेली, आणि पनवेलचे बोलणेही पुढे सुरळीत पार पडले.

तिसऱ्या प्रहरी बायको माझ्यासमोर येऊन उभी राहिली. नवऱ्याशी थेट बोलायची तेव्हा चाल नव्हती.

"इकडून माझी पेटी उघडणं झालं होतं का?"

"हो," मी म्हणालो.

"आये आज नाही म्हणाली असती, तर मला पोचवायला इकडूनच येणं झालं असतं का?"

"छे!" मी म्हणालो. पण त्याआधी मी खोकलो होतो.

तिने मान हलवली आणि गेली. पेटीला कुलूप आले, आणि किल्ली तिच्या कमरेला. वीस वर्षे झाली. आमची चार मुले आहेत, शेतीची कागदपत्रे तिच्या हवाली आहेत. घरातल्या सगळ्या किल्ल्या तिच्याकडे असतात आणि लागतील तेव्हा मला मिळतातही. त्या पेटीची किल्ली मात्र तिने अजून माझ्या हातात दिलेली नाही.