आपले भाऊ आणि पाहुणे

समोरच्या टीममधल्या कुणाचंही नाव आपले भाऊ कधी घेत नसत. आपल्या टीमच्या पोरांची नावं, त्यांच्या वडिलांची नावं, कोण कुठल्या आळीतला आणि कुणाचं लग्न ठरता ठरत नाही, इथपर्यंत सगळं ते माईकवरून सांगायचे. समोरचे मात्र सगळेच्या सगळे 'पाहुणे'. पाहुण्यांनी बॅट फिरवली, पाहुणे पळाले, पाहुण्यांचा वाइड. 'आपला गणेश', 'आपली बॅटिंग', 'आपण जिंकतोय' हे इतकं चालायचं की त्यांचं खरं नाव मागं पडलं आणि अख्खा मावळ त्यांना 'आपले भाऊ' म्हणायला लागला.

कामशेतला खताच्या दुकानावरच्या खोलीत आमचं लोकल चॅनेल होतं. एरवी त्यावर सकाळी भजनं, दुपारी कुणाच्या तरी लग्नाची कॅसेट आणि संध्याकाळी वाढदिवसाच्या शुभेच्छा. पण भात निघालं, खाचरांचे बांध सपाट केले, की टेनिस बॉलच्या स्पर्धा सुरू व्हायच्या आणि चॅनेलच्या अंगात वारं भरायचं. वडिवळ्याच्या टीमची प्रत्येक मॅच आम्ही थेट दाखवायचो. मैदानाच्या कडेला बांबूची परांची, तिच्यावर एकुलता एक कॅमेरा आणि शेजारी माईक घेऊन भाऊ. इकडे खोलीत कानाला हेडफोन लावून मी, पडद्याखालच्या पट्टीत स्कोअर टाइप करायला. बी.कॉम. झाल्यावर बरी नोकरी मिळेपर्यंतचं काम म्हणून मी ते धरलं होतं आणि बरी नोकरी लवकर मिळाली नाही.

भाऊंचं वडिवळ्यात धरणाखाली भाताचं रान होतं. क्रिकेट ते स्वतः कधी खेळले नव्हते, आणि नियमांशी त्यांचं फारसं देणंघेणं नसे. पाहुण्यांनी चौकार मारला की ते शांतपणे म्हणायचे, "घेऊ द्या चार. घरी आलेल्याला उपाशी धाडायची आपली रीत न्हाई." पाहुणा आउट झाला की "चहा घिऊन जावा म्हणावं." आपला फलंदाज मात्र त्यांच्या तोंडून आउट म्हणून कधी झालाच नाही. "आपला गणेश दमलाय, जरा सावलीला बसतो." मी पट्टीत विकेट टाकली की खोलीशी जोडलेल्या वेगळ्या वायरीवरून कानात हळूच विचारणा व्हायची, की ताई, जरा दमानं टाकली तर नाही का चालणार. माझ्यापेक्षा दुप्पट वयाचा माणूस मला ताई म्हणायचा, त्यामुळे मला त्यांच्यावर चिडताही यायचं नाही.

लोणावळ्याकडच्या टीमचं वेगळं चॅनेल होतं. त्यांची परांची मैदानाच्या दुसऱ्या टोकाला असायची आणि तिथं इस्त्रीच्या शर्टातले एक सर शुद्ध मराठीत तीच मॅच उलट्या बाजूनं सांगायचे. आमच्या पडद्यावर जो चेंडू सीमेपार गेलेला असे, तो त्यांच्या पडद्यावर अलीकडेच अडलेला असे. लोक जो तो आपापल्या चॅनेलवर विश्वास ठेवून दुसऱ्या दिवशी लोकल गाडीत भांडायचे. सरांचं मराठी आमच्यापेक्षा कितीतरी चांगलं होतं, पण ते ऐकताना कुणी हसल्याचं मला आठवत नाही.

या प्रक्षेपणाचा एक नियम होता. ज्या गावात मॅच, त्या गावचं केबल तेवढ्या वेळापुरतं बंद. नाहीतर माणसं घरी बसून बघणार आणि मैदानावरच्या वडापाववाल्यांनी काय करायचं, असं स्पर्धावाल्यांचं म्हणणं. एकदा मॅच खुद्द वडिवळ्यात होती आणि यष्टिरक्षकाची आई, धुरपामावशी, मांडीचं हाड मोडून अंथरुणावर. पोराचा खेळ तिला दिसणार नाही, म्हणून भाऊ आमच्या मालकांशी तावातावानं भांडले आणि एवढ्या एका घराची वायर चालू ठेवून घेतली. परिणाम असा झाला की मैदान ओस पडलं आणि निम्मं गाव मावशीच्या खाटेभोवती बसलं. मालक संतापले. भाऊ म्हणाले, आजाऱ्याला भेटायला माणसं येतात, त्यांना काय हाकलून द्यायचं? त्यानंतर किती दिवस आम्ही तेवढ्यावर हसत होतो.

भाऊंना एकच लेक, सारिका. तिची आई ती लहान असतानाच गेली होती, त्यामुळे ती मनातलं सगळं बापाला सांगायची. शेजारणींना याचं नवल वाटे. भाऊंना त्याचा अभिमान होता. बाकीच्यांच्या पोरी आईच्या कानाला लागतात, आपली पोर आपल्या कानाला लागते, असं ते मला पुन्हा पुन्हा सांगायचे. तिचं लग्न लोणावळ्याकडच्या टीममधल्या योगेशशी झालं, तेव्हा भाऊंना आकाश ठेंगणं झालं. आता समोर खरेखुरे पाहुणे आले. योगेश बॅटिंगला आला की भाऊ माईकवरून म्हणायचे, "जावईबापू आलेत, पाट मांडा." योगेशही खेळकर होता. परांचीकडे वळून, बॅट काखेत धरून तो हात जोडायचा. प्रेक्षक टाळ्या वाजवायचे आणि मालक माझ्याकडे बघून म्हणायचे, असला सासरा-जावई पैसे टाकून मिळायचा नाही.

लग्नानंतरच्या दुसऱ्या हंगामातली उपांत्य मॅच कामशेतजवळच होती. गर्दी मायंदाळ. कर्णे मैदानावर चहूकडे लावलेले, म्हणजे भाऊंचा शब्द पडद्यावर जाई तसाच मैदानातही घुमे. शेवटची षटकं चालली होती आणि आपण हरण्याच्या बेतात होतो. आपल्या गणेशनं चेंडू उंच उडवला. खाली योगेश. चेंडू त्याच्या दोन्ही हातांत आला आणि सुटला. भाऊ परांचीवर उभेच राहिले असावेत, कारण बांबू करकरल्याचं मला हेडफोनमध्ये ऐकू आलं. मग त्यांचा आवाज आला, हर्षानं फाटलेला:

"सुटला, सुटला. पाहुण्यांच्या हातात काय टिकंल तर शप्पथ. कॅच टिकंना, नोकरी टिकंना."

मैदान हसलं. आमच्या खोलीत मालक मांडीवर थाप मारून हसले. कॅमेऱ्यावरच्यानं नेमका योगेशचा चेहरा जवळून धरला होता. मला वाटलं, आता हा हात जोडणार. त्यानं जोडले नाहीत. चेंडू उचलून फेकला आणि परांचीकडे पाहत राहिला. त्या नजरेत राग नव्हता. भर पंगतीत कुणी ताटावरून उठवल्यावर माणूस बघतो, तसा तो बघत होता.

आणि भाऊ गप्प झाले. पुढचा चेंडू पडला, त्यावर रन निघाली, तरी पडद्यावर नुसता वाऱ्याचा आवाज. मी म्हटलं, "भाऊ, बोला." थोड्या वेळानं कानात अगदी बारीक आवाज आला.

"ताई, ते गेलं का भाईर?"

"काय?"

"आत्ता बोललो ते."

"गेलं की. थेट असतं, भाऊ."

"मागं घेता येत न्हाई का?"

इतके हंगाम थेट प्रक्षेपण करणाऱ्या माणसानं मला हे विचारलं. मला काही कळेना. पडद्यावर मी थोडा वेळ वाढदिवसाच्या शुभेच्छांची पाटी लावली आणि उरलेली मॅच आवाजाशिवाय गेली. आपण जिंकलो. भाऊ मागच्या बाजूनं परांची उतरून बांधाबांधानं घरी गेले.

झालं होतं ते असं. घोरावाडीजवळच्या ज्या कंपनीत योगेश कंत्राटावर होता, तिथलं काम संपलं होतं. घरी त्यानं कुणाला सांगितलं नव्हतं. रोज सकाळी कंपनीचा शर्ट घालून, डबा घेऊन तो लोकलनं घोरावाडीला उतरायचा आणि दिवसभर दुसरं काम शोधत हिंडायचा. वडिलांना कळण्याआधी काहीतरी मिळवायचं, एवढीच त्याची धडपड होती. हे माहीत होतं फक्त सारिकाला, आणि सारिकानं ते सांगितलं होतं फक्त भाऊंना. वाईट हेतू भाऊंच्या मनात नव्हता, हे मी आजही कुणालाही सांगेन. माईक हातात आला की पोटातलं ओठावर यायला त्यांना वेळ लागत नसे. त्याचंच तर आम्ही सगळे कौतुक करत आलो होतो.

दोन दिवसांनी भाऊ खोलीवर आले. लेकीच्या सासरी जायचं होतं आणि एकट्यानं जायचं धाडस होत नव्हतं. चॅनेलतर्फे कुणीतरी सोबत असलं तर बरं, म्हणून मी गेले. व्याह्यांनी "या, बसा" म्हटलं. पाणी आलं. पाऊसपाणी, भाताचा उतारा, लोणावळ्यात शनिवार-रविवारी होणारी गाड्यांची गर्दी, असल्या गोष्टी झाल्या. कुणी त्या गोष्टीचा उल्लेख केला नाही. भांडले असते तर बरं झालं असतं. भाऊ टोपी काढून गुडघ्यावर ठेवून बसले होते आणि त्यांच्या कानाच्या पाळ्या लाल झालेल्या मला दिसत होत्या. शेवटी त्यांनी योगेशपुढे हात जोडले. तो पटकन उठला, "खेळात व्हतंच की, मामा," म्हणाला आणि चपला घालून बाहेर गेला. मला कुठं बघावं ते कळेना, मी भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत राहिले.

निघताना सारिका दारापर्यंत आली. तिला तेव्हा सातवा महिना होता. ती रडली नाही, आवाजही चढवला नाही.

"भाऊ," ती म्हणाली, "मी तुमाला सांगितलं व्हतं. टीव्हीला न्हाई."

 

पहिलं बाळंतपण माहेरी व्हायचं ठरलेलं होतं. भाऊंनी मधल्या खोलीला चुना मारून घेतला होता, बहिणीला मुद्दाम राहायला बोलावलं होतं. सासरहून निरोप आला की एवढ्या लांब कशाला, इकडेच करतो. निरोपात वावगं काही नव्हतं. बहीण थोडे दिवस थांबून परत गेली. बाळंतपण सासरी का झालं, हे गावात ज्यानं त्यानं विचारलं आणि भाऊंनी ज्याला त्याला सांगितलं, की दवाखाना तिकडं जवळ आहे. सांगताना ते समोरच्याच्या पायांकडे बघायचे.

त्याहून वाईट म्हणजे ते वाक्य लोकांना आवडलं. त्याचा तुकडा या फोनवरून त्या फोनवर फिरला. मालकांनी मॅचच्या जाहिरातीत तो घालायचं ठरवलं, तेव्हा भाऊंनी त्यांच्या पाया पडून तो काढायला लावला. पण बाजारातून कसा काढणार? कामशेतात कुणाच्या हातून कपबशी पडली तरी दुसरा म्हणायचा, "कॅच टिकंना, नोकरी टिकंना." खुद्द भाऊंसमोर म्हणायचे, कौतुकानं, खांद्यावर हात टाकून. भाऊ मान खाली घालून पुढे निघून जायचे. त्यांच्या वतीनं मलाच मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. पुढं पुढं त्यांनी बाजाराच्या दिवशी कामशेतला यायचंच सोडलं.

माईकला त्यांनी परत हात लावला नाही. मालकांनी मिनतवाऱ्या केल्या, गावच्या पोरांनी केल्या. त्यांच्या जागी एक कॉलेजचा मुलगा आणला. तो दोन्ही टीमची नावं नीट घ्यायचा आणि आउटला आउट म्हणायचा. भाऊ एकदा त्याची मॅच बघायला आले, परांचीखाली वायरीशेजारी बसले आणि जाताना त्याला "झ्याक बोलतोस" म्हणून गेले. मग स्पर्धा मोबाईलवर दिसायला लागल्या, केबलला कुणी विचारेना आणि खोलीला कुलूप लागलं. मी तळेगावला शाळेच्या ऑफिसात लागले.

परवा एका लग्नासाठी वडिवळ्याला गेले होते. मांडवाच्या कडेला भाऊ बसलेले दिसले. खूप वाळलेत. मंगलाष्टकांच्या आधी कुणीतरी त्यांना माईकवर दोन शब्द बोलायचा आग्रह करत होतं आणि ते हातानं नको नको करत होते. मी शेजारी जाऊन बसले. ताई म्हणून त्यांनी लगेच ओळखलं. सारिकाचं विचारलं.

"झ्याक चाललंय," ते म्हणाले. "जावयाला लोणावळ्यात हाटेलात चांगली नोकरी हाय. येतात, जातात. नातू हितं सुट्टीला ऱ्हातो. पोरीचा दर रविवारी फोन असतो, लय येळ बोलती."

मी म्हटलं, बरं झालं भाऊ, विसरली ती सगळं.

भाऊंनी टोपी काढून गुडघ्यावर ठेवली.

"पावसाचं सांगती. भाताचं इचारती. पोराला मार्कं किती पडली ते सांगती. टीव्हीवर सांगितलं तरी चालंल असं समदं सांगती." मग माझ्याकडे वळले. "गेल्या साली तिचं पोटाचं आपरेशन झालं. कामशेत टेसनावर तिच्या सासरच्या गावचा एकजण भेटला, त्यानं इचारलं, 'आता बरी हाय का पोर?' मला काय ठावंच न्हाई. पण बापाला ठावं न्हाई असं कसं म्हणायचं, ताई? मी आपला म्हणालो, 'व्हय, बरी हाय आता.'"