काकांचं राहिलेलं भाषण
डांबरगोळ्यांचा वास आला की बिडकीनच्या शाळेतला तो कार्यक्रम आठवतो आणि अजून डोकं तापतं. माझे काका नौदलातून कमोडोर होऊन निवृत्त झाले होते. बंदरांच्या, वादळांच्या गोष्टी ते रंगवून सांगत, पण युद्धाचा विषय निघाला की उठून जात. शाळेनं त्यांना पाहुणे म्हणून बोलावलं होतं. त्या सकाळी मात्र कपाटातला, डांबरगोळ्यांचा वास येणारा पदकांचा कोट चढवताना म्हणाले, "आमच्या जहाजावरचे तिघं परत आले नाहीत. आज पोरांना त्यांच्याबद्दल सांगणारंय." मांडव उन्हानं तापला होता. सूत्रसंचालकानं त्यांना दोनदा लष्करातल्यासारखं 'मेजरसाहेब' म्हटलं, तरी काका नुसते हसले. ते बोलायला उभे राहिले आणि "आमचं जहाज" एवढं म्हणाले, तोच एका पुढाऱ्याच्या गाड्या आल्या, ढोल वाजू लागले. "साहेब, लई उशीर झालाय, आवरतं घ्या," म्हणत एका कार्यकर्त्यानं माईकच काढून घेतला. काका खाली बसले. गाडीतून परतताना चितेगावजवळ मी म्हणालो, "काका, मला तरी सांगा." खिडकीबाहेर बघत ते म्हणाले, "नको. आज कसंबसं बळ आणलं होतं, ते संपलं." पुढं त्यांनी तो विषय कधीच काढला नाही. आता काका नाहीत, आणि त्या तिघांची नावंसुद्धा मला ठाऊक नाहीत.