हवेत थांबलेला हात

तांब्याचा हंडा घडवून झाला की त्याच्यावर मठारकाम करायचं, म्हणजे हातोडीचे बारीक, एकसारखे ठोके पाडायचे. आमच्या तांबट आळीत माणूस तोंडावरून नाही, ठोक्यावरून ओळखायचे. वडिलांची नजर गेलेली. दुकानात ते माझ्याकडे पाठ करून बसत, तरी माझा एक ठोका हलका पडला की लगेच, "झोपलास का रे?"

नाशकात बोलपट येऊन दोनेक वर्षं झाली होती, पण शेजारच्या फोटोवाल्याला मुक्याच चित्राचं खूळ. म्हणाला, "चेहरा नको, नुसता हात दे. एकेक फोटो जोडून हलतं चित्र करतो." मी हुरळलो. गाढव मी! हातोडी उचलायची, थांबायचं. तो यंत्राचं टक् करणार. हातोडी दोन बोटंभर खाली आणायची, थांबायचं. पुन्हा टक्. चार दिवस उन्हात हाच धंदा. आई म्हणाली, "हात दाखवून अवलक्षण!"

पाचव्या दिवशी दुकानात हातोडी उचलली आणि ती वरच थांबली. मी थांबवली नव्हती, देवाशप्पथ! हात त्या टक्‌ची वाट बघत होता. जोर केला तर धाडकन पडली, तांबं चेपलं.

"काय रे?" वडील म्हणाले. अंगात कणकण आहे, असं सांगून मी घरी पळालो.

तेल चोळलं, नारळ फोडला, गंगेत, म्हणजे आमच्या गोदावरीत, खांद्याएवढ्या पाण्यात उभा राहिलो. काही उपयोग नाही. घाससुद्धा तोंडापाशी येऊन थांबायचा. हाताला शिव्या दिल्या, मग त्याच्या पाया पडायचं तेवढं बाकी ठेवलं.

आठवड्याने फोटोवाल्याने खिडक्यांना गोधड्या लावून भरदुपारी आळीतल्या माणसांना चित्र दाखवलं. भिंतीवर माझा हात, मनगटापुरता, मठारकाम करत होता. काय सफाई! एक ठोका चुकत नव्हता. आवाज मात्र नाही.

"अरे, माझा आहे तो! परत दे!" मी ओरडलो. माणसं हसली.

"कुणाचा का असेना, झकास आलाय," फोटोवाला म्हणाला.

तसाच दुकानात धावलो. जागेवर बसलो, डाव्या हाताने उजवं मनगट धरलं आणि हातोडी मारली. एक ठोका. मग थांबली. मग दुसरा.

वडिलांनी मान वळवली. "कोण आहे?"

तोंडाने काय सांगणार, आमच्यात ओळख ठोक्याचीच. मी अजून एक ठोका मारला. त्यांनी कान देऊन ऐकला.

"अहो, उठा तिथून," ते म्हणाले. "ती जागा माझ्या मुलाची आहे."