कचकड्याच्या बांगड्या

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. माझ्या बायकोला, पार्वताला, सांगायला हवं होतं — तिलाही नाही.

स्वातंत्र्याला सात-आठ वर्षं झाली असतील. माझा फिरत्या सिनेमाचा तंबू होता. आधी दुसऱ्याच्या तंबूचे दोर ओढायचो, त्याचा मालक झालो, तो घासाघीस करूनच. श्रीधर नावाचा एक पोरगा नागपूरहून यायचा. कंपन्यांनी टाकलेल्या उरल्यासुरल्या फितीवर स्वतःचे सिनेमे काढायचा. त्यात गोष्ट नाही, गाणं नाही — वैनगंगेवरचं ऊन, मोहफुलं वेचणारे हात, सावल्या. माझ्याशिवाय ते लावणार कोण? मुख्य खेळानंतर मी लावायचो. लोक उठून जायचे. तो हसायचा.

मार्कंड्याच्या जत्रेत सौदा ठरला. गाडी-बैल माझे, मशीन माझं, बदल्यात त्यानं पार्वताचा सिनेमा काढायचा. त्यानं काढला. पडद्यावर पाहतो तर — पाय. ओल्या वाळूतून चालणारे तिचे पाय, तिची सावली, सुपानं पाखडणारी मनगटं. चेहरा कुठेच नाही.

"तोंड काऊन नाई घेतलं बे?" मी विचारलं.

"भाऊ, तोंड दिसलं का लोक बाकी काईच पाहत नाई."

पार्वता मागून हसली. "मले तं मी बराबर ओळखू आली."

ते हसणं मला झोंबलं. सौद्यात फसवलं गेल्यासारखं वाटलं — आजही थोडं वाटतं, खोटं कशाला बोलू?

दुसऱ्या दिवशी ती फीत मी जत्रेतल्या कासाराला देऊन टाकली. जुन्या फिती धुऊन तो कचकड्याच्या बांगड्या करायचा. श्रीधरला सांगितलं, मशीनमध्ये पेटली. दुसरी प्रत नव्हती, हे मला ठाऊक होतं. त्यानं तंबूचा सैल झालेला दोर ओढून बांधला. मग म्हणाला, "जाऊ द्या भाऊ. तंबू वाचला ना तुमचा."

पुन्हा तो आमच्याकडे आला नाही. पुढे सिनेमे काढले की नाही — मी विचारलंही नाही.

कासारानं त्याच फितीच्या बांगड्या करून दिल्या. त्या मी पार्वताला का दिल्या असतील? तिनं हौसेनं भरल्या. ती गेली ती सवाष्ण, म्हणून कुणी त्या उतरवल्या नाहीत. चितेवर त्याही जळाल्या.

तिचा चेहरा मला अजून दिसतो. ती चालायची कशी, तेवढं आठवत नाही.