नसलेल्या वेशीखाली

लिहू की नको, लिहू की नको... असं करत बरेच दिवस गेले. या सदरातले इतरांचे अनुभव मी नेहमी वाचते, आणि खरं सांगायचं तर वाचताना मनातल्या मनात हसायचे. आमचं घर बौद्ध. अंगारा, उतारा, भगत – यातलं काही आमच्या उंबऱ्याच्या आत कधी आलं नाही. लहानपणी कुणी म्हणालं, "पोरीला त्या चिंचेखालून नेऊ नका, तिथं काहीतरी हाय," की आई मुद्दाम मला त्याच चिंचेखालून न्यायची. त्यामुळे मी भूत बघितलं असं मी आजही म्हणणार नाही. जे बघितलं त्याला काय म्हणायचं, तेच मला कळलेलं नाही.

मी हिमायतनगरची. नांदेडला बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे. आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिलीच. बाबा हिमायतनगर ते भोकर काळीपिवळी जीप चालवतात. माझा विषय समाजशास्त्र, पण ओढ मानवशास्त्राची – आणि ती लागली एका छोट्या अभ्यास मंडळामुळे. त्याचं नाव लिहीत नाही. मंडळ म्हणजे तरी काय, एका शाळेच्या वरच्या मजल्यावरची खोली, दोन कपाटं पुस्तकं आणि दर महिन्याला जमणारी दहा-पंधरा माणसं. निवृत्त शिक्षक, एक डॉक्टर, आमच्यासारखे विद्यार्थी. आमच्या कॉलेजात हा विषय शिकवत नाहीत. या मंडळातच मला पहिल्यांदा कळलं की मानवशास्त्र म्हणजे नुसत्या कवट्या आणि दूरच्या जंगलातले लोक नव्हेत; आपल्या गल्लीतली माणसं ओट्यावर कशी बसतात, हेसुद्धा त्यात येतं.

मंडळ दरवर्षी विद्यार्थ्यांचं एक सत्र घेतं. ज्याचा निबंध तिथे चांगला ठरतो त्याला एम.ए.साठी पुण्याला जायला मंडळ शिफारस देतं, राहण्याचीही सोय बघतं. बाबांनी मला स्पष्ट सांगितलं होतं, "हे वर्ष तुझं. जमलं तर जमलं. नाहीतर पोलीस भरतीच्या अकॅडमीत नाव टाकून देतो." वर हसून म्हणाले, "माणसांचं शास्त्र म्हणे! मी रोज माणसं जीपमधी कोंबून नेऊन राहिलो, मला नाही लागलं शास्त्र."

म्हणजे माझं पुढचं शिक्षण त्या एका निबंधावर होतं.

विषय मी निवडला घरांचा. लातूर जिल्ह्यात, औसा तालुक्यात, भूकंपानंतर नव्या जागेवर वसवलेलं एक गाव आहे. जुनं गाव तिथून लांब, ओढ्यापलीकडे. नव्या गावात सगळ्यांना सारखीच घरं मिळाली, पण लोकांनी त्यांना नंतर काय काय जोडलं – कुणी ओटा, कुणी ओसरी, कुणी पत्र्याची न्हाणी – ते मी मोजत होते. मंडळानं मला त्यांचा मोजदांडा दिला होता. लाकडी, तीन तुकडे फिरवून जोडायचा, वरच्या टोकाला पितळी टोपी. मंडळाचे सचिव बिराजदार सर तो देताना म्हणाले होते, "सुजाता, हा दांडा माझ्यापेक्षा म्हातारा आहे. पाडू नकोस."

गावात मी गिरजाबाईंच्या ओट्यावर बसून नकाशे काढायची. सत्तरीच्या पुढच्या, लिंगायत घरातल्या, गळ्यात लिंग, तोंडाला कुलूप नाही. समोर रुंद सरळ रस्ता. एका बाजूला दूध डेअरी, दुसऱ्या बाजूला पाण्याची टाकी, मधे मोकळी जागा.

तिसऱ्या-चौथ्या खेपेला माझ्या लक्षात आलं... त्या मोकळ्या जागेत आलं की लोक वाकतात.

जास्त नाही. बुटक्या दारातून आत जाताना आपण मान खाली घालतो ना, तेवढंच. आणि पुन्हा सरळ. डेअरीवर कॅन घेऊन जाणारे वाकले. उंच माणसं जास्त वाकली, बुटकी थोडी. मोटारसायकलवाल्यानं वेग कमी केला आणि हँडलवर मान झुकवली. एका बाईच्या डोक्यावर गवताचा भारा होता – तिचा हात वर गेला, भारा धरला, ती गुडघ्यात लवली आणि पुढे गेली. लहान पोरं मात्र तशीच पळत गेली, न वाकता.

मी उठून त्या जागी गेले. वर बघितलं. तार नाही, फांदी नाही, पत्रा नाही. नुसतं आभाळ.

परत येऊन गिरजाबाईंना विचारलं, "आजी, तिथं सगळे वाकतात का हो?"

"कुठं?"

"तिथं, टाकीजवळ. तुम्हीही आत्ता येताना वाकलात."

"अगं बया! माझी कंबर गेलीया, मी बारा महिने वाकलेलीच हाय की!" त्या खो खो हसल्या. मग डेअरीवरून येणाऱ्या पुतण्याला हाक मारली, "ए बसू, ही पोरगी म्हणतीया तू वाकून चालतूस!"

"मी? कुणापुढं वाकत न्हाई मी, काकू. बायकोला सोडून."

आणि हे बोलता बोलता तो त्या जागी आला, वाकला, सरळ झाला आणि ओट्यापर्यंत पोचला. त्याला कळलंही नाही.

"जुन्या गावाला वेस होती का?" मी विचारलं.

"व्हती की. दगडाची. लई बुटकी. नवी सून आली की तिला आधी सांगायचं, डोकं संभाळ बाई. दर दिवाळीला चुना मारायचे तिला." गिरजाबाईंनी ओढ्याच्या दिशेनं हात केला. "पर ती तिकडं, वड्यापल्याड. भूकंपात पडली. हितं कुठली वेस!"

मी स्वतःला समजावलं. जुन्या लोकांच्या अंगात सवय राहिली असेल, तरुणांनी त्यांचं बघून उचलली असेल. पण जुनं गाव लांब, आणि सवय याच जागी का यावी? ते कळेना. तरी एवढं पुरेसं होतं, निबंधासाठी.

मग तो दिवस आला. भर दुपार, ऊन डोक्यावर. शेवटच्या घराचं माप घेऊन मी परतत होते. दांडा उकलायचा कंटाळा केला आणि तसाच खांद्याला लावून उभा धरला. मनात निबंधाची वाक्यं जुळवत चालले होते. टाकी आणि डेअरीच्या मधे आले...

टक्.

लाकूड दगडावर आपटावं तसा स्वच्छ आवाज. दांडा मागे गेला, मनगटाला हिसका बसला, कोपरापर्यंत झिणझिण्या. मी तिथेच उभी राहिले. वर बघितलं. आभाळ. दांडा हळूच पुन्हा वर नेला – कशालाच लागला नाही.

ओट्यावरून गिरजाबाई ओरडल्या, "काय फुटलं गं?"

म्हणजे आवाज त्यांनीही ऐकला होता.

पितळी टोपी एका बाजूनं चेपली होती. आणि त्या चेपलेल्या जागी पांढरं काहीतरी लागलं होतं, बोटानं घासलं की निघणारं.

नांदेडला परत आले ती थेट बिराजदार सरांच्या घरी. सरांनी टोपी बघितली. "कुठं पाडलास?"

बसमध्ये पडला म्हटलं असतं तर संपलं असतं. पण मी सगळं सांगितलं, फक्त गावातली नेमकी जागा सोडून. सर भूगोलाचे शिक्षक होते, उंचेपुरे, आवाज मोठा. त्यांनी नखानं ते पांढरं खरवडून बघितलं. "चुना दिसतोय. कुठल्यातरी घराला घासला असशील." मग चष्मा काढला. "हे बघ बाळा, आपलं मंडळ मानवशास्त्राचं आहे, अमानवशास्त्राचं नाही. तुझे ओटे उत्तम झालेत. तेवढंच वाच. निवड पक्की समज. ते वाकणं घातलंस ना, तर सत्राला येणारे पुण्याचे पाहुणे हसतील... आणि तुझं वर्ष जाईल."

मला त्यांचं म्हणणं पटत होतं. खोटं सांगत नाही, मी 'हो' म्हणणारच होते. पण तोंडातून दुसरंच आलं. "सर, तुम्हीच शिकवलं ना, एकट्यानं बघितलेलं पक्कं धरायचं नाही, दुसऱ्यानंही बघायला हवं. तुम्ही चला. दुसरे तुम्ही व्हा."

सरांनी चष्मा पुन्हा चढवला. मग म्हणाले, "जागा मला सांगू नकोस. सांगितलीस तर माझं बघणं बाटलं."

पुढच्या रविवारी आम्ही गेलो. मी ओट्यावर थांबले, सरांना म्हटलं, गावातून एक चक्कर मारून या. मोबाईल हातात, व्हिडिओ सुरू. सर डेअरीकडून येताना दिसले. बसूबरोबर बोलत होते, दुधाच्या भावाबद्दल, हातवारे करत. टाकीजवळ आले. बसू वाकला. आणि त्याच्या अर्धा पाऊल पुढे असलेले आमचे बिराजदार सर – त्याच्या आधी वाकले. चांगले खोल. उंची तशी.

मी व्हिडिओ दाखवला. सरांनी तो पुन्हा पुन्हा बघितला. उठून त्या जागी गेले, ताठ चालत आरपार गेले. काही झालं नाही. हात वर करून चाचपलं. काही नाही. माझ्याकडून दांडा मागून घेतला, उभा धरून पुढे-मागे फिरले. कुठेच काही लागलं नाही. गिरजाबाई ओट्यावरून बघत म्हणाल्या, "मास्तर, जाळी काढायलाव का आभाळाची?"

चहा पिताना सर म्हणाले, "लिही. जे झालं ते लिही. आणि आज जे झालं नाही, तेही तितकंच ठळक लिही."

सत्र लातूरला होतं. बाबा जीप दुसऱ्याला देऊन आले होते, शेवटच्या रांगेत बसले, मांडीवर डबा. मी ओट्यांचं वाचलं तोवर सगळे माना हलवत होते. मग वाकण्याचं वाचलं. मग दांड्याचं. मागून कुणीतरी हसलं. पुण्याहून आलेले प्राध्यापक शांतपणे म्हणाले, "पोरी, याचा निष्कर्ष काय?"

मी कागद खाली ठेवला. "निष्कर्ष नाही सर. मला कारण माहीत नाही. माहीत आहे असं लिहिलं असतं तर ते खोटं झालं असतं."

पुन्हा थोडं हसू. तेवढ्यात पहिल्या रांगेतून बिराजदार सर उठले. त्या सभागृहातल्या निम्म्या लोकांना त्यांनी कधीतरी शिकवलं असेल. "निबंधात 'दुसरा निरीक्षक' म्हणून जो माणूस आहे, तो मी," ते म्हणाले. "मला जागा माहीत नव्हती. मी वाकलो. ज्याला हसायचं त्यानं आधी मला हसावं."

कुणी हसलं नाही. त्यानंतर मात्र चर्चा अशी रंगली की जेवणाची वेळ टळली. कुणी म्हणालं, रस्त्याला तिथे सूक्ष्म उतार असेल. कुणी म्हणालं, सर बसूच्या चालीला जुळवून घेत असतील. पाहुणे प्राध्यापक स्वतः फळ्यावर आकृत्या काढत होते. वाकण्याची चार-पाच कारणं निघाली, सगळी विचार करण्यासारखी. त्या 'टक्'चं आणि चुन्याचं एकही निघालं नाही. आजही निघालेलं नाही. उताराचं मी नंतर जाऊन मोजलं – रस्ता सपाट आहे. कुणाला काही सुचलं तर जरूर लिहा, चेष्टा केली तरी चालेल.

संध्याकाळी बाहेर आलो तेव्हा शिफारशीचा निकाल लागायचा होता. मी बाबांकडे बघायचं टाळत होते. त्यांनी डबा उघडला, भाकरी मोडून माझ्या हातात दिली.

"ते पुण्याचे एवढे मोठे साहेब," बाबा म्हणाले, "त्यांनाबी ठाऊक नाही?"

"नाही, बाबा."

"अन् तुझ्या सरांना?"

"त्यांनाही नाही."

बाबांनी आणखी एक तुकडा मोडून माझ्या हातावर ठेवला. मग म्हणाले, "हाव, तर मग कुणीतरी शिकायलाच पायजे की. भरतीचं राहू दे."