कडीवरचं मडकं

माझी थोरली बहीण सिनेमे काढते. सिनेमे म्हटलं की लोक नट्यांची नावं विचारतात. तिच्या मागच्या सिनेमात नायक होता लिंबाच्या झाडावरचा सुरवंट. तो एक पान खातो. संपली गोष्ट. मी मध्ये छान डुलकी काढली, उठले तरी निम्मं पान शिल्लक होतं. पण खरं सांगते, ते उरलेलं निम्मं मी डोळे फाडून पाहिलं.

तिचे यजमान, आमचे भाऊजी, स्कूटरवरून पार्सलं पोचवतात. उभ्यानं जेवतात, कढत चहा घशात ओततात आणि जीभ पोळली की चहालाच बोल लावतात. उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग, तो हाच. या दोघांचा संसार चालतो कसा, हे कोडं मला कधी सुटलं नाही.

तर एका कुंभारीण माशीनं त्यांच्या पुढच्या दाराच्या आतल्या कडीवर मातीचं मडकं बांधलं. बोराएवढं. आत अंडं, वर मातीचंच झाकण. ताईनं बांधकामापासून सगळं टिपलं. आता आतली माशी बाहेर पडताना दिसली की सिनेमा पुरा. मडकं एकच, म्हणजे संधीही एकच. कडी सरकवली तर मडकं फुटणार, म्हणून पुढचं दार बंद. शेजारीण, गॅसवाला, मी, सगळे मागून, स्वयंपाकघरातली भांडी ओलांडत. माशी माझ्या घरात पाहुणी आणि मी चोर, असं भाऊजी येता-जाता सुनावायचे.

एका सकाळी भाऊजी कामाला निघाले होते. ताईनं त्यांना हटकलं, कॅमेरा चालू आहे, मी आंघोळ उरकते, तोवर जरा लक्ष ठेवा म्हणाली. ओल्या केसांनी बाहेर आली तर मडक्याला भोक, खिडकी उघडी आणि भाऊजी एकाच पायात बूट घालून जमिनीवर बसलेले.

"गेली," एवढंच म्हणाले.

दुपारी आम्ही तिघांनी ते चित्रण लावलं. झाकणाला बारीकशी चीर पडली. चीर रुंदावली. आणि मग आलं भाऊजींचं टक्कल. या कडेपासून त्या कडेपर्यंत नुसतं टक्कल. माशी त्याच्या पलीकडे. इतक्या दिवसांचं मुसळ केरात.

पण आवाज येत होता. त्यांच्या खिशात फोन वाजत होता. थांबला, पुन्हा वाजला. भाऊजींनी तो उचललाच नाही. मग त्यांचा कुजबुजता आवाज आला, "सावकाश, बाळा. कसली घाई आहे?"

भाऊजी खाली मान घालून म्हणाले, तेवढं कापून टाक. ताई हसत होती आणि डोळेही पुसत होती.

"माशी पुढच्या वर्षी मिळेल हो," ती म्हणाली. "हे मला कुठे मिळणार होतं?"

वाचनालयाच्या वरच्या खोलीत सिनेमा दाखवला तेव्हा टकलावर लोक पोट धरून हसले. फोन वाजायला लागला तसे एकेक करून गप्प झाले. मला ताईचा इतका अभिमान वाटला की शेजारच्या अनोळखी बाईंना मी आमचं नातं सांगून टाकलं.

परवा त्यांच्याकडे गेले. पुढचं दार ठोठावलं, उघडेना. मी पुन्हा ठोठावणार, तेवढ्यात आतून भाऊजींचा दबका आवाज आला.

"हळू. मागून या. माती आणतेय ती."